लॉगबुक आणि सातबारा

१/
सध्या इतिहासप्रेमी मित्रांच्या पडद्यावर लँकेस्टर विमानांचे राज्य आहे. काळ्याकभिन्न रात्री जर्मनीकडे निघालेली बॉम्बफेकी विमाने, त्यांतील विशी-बाविशीची पोरे, परत न आलेले चेहरे. हे सारे वाचायला मलाही आवडते. पण हे लिहिणाऱ्यांत कितीतरी जण डोंबिवली, कल्याण, अंबरनाथ, बदलापूरचे आहेत. त्यांच्या घरापासून रिक्षाने जाता येईल इतक्या अंतरावर दुसऱ्या महायुद्धातील एक धावपट्टी पडून आहे आणि तिच्यावर मात्र कुणी सहसा ओळही लिहीत नाही. हा थ्रेड त्या मौनाविरुद्ध आहे.

२/
माझे म्हणणे सुरुवातीलाच सांगून टाकतो. युद्धकाळातील विमानकर्म्यांच्या कथा शोधल्या पाहिजेत, तपासल्या पाहिजेत, जपल्या पाहिजेत. परंतु विमान आकाशात उडते ते जमिनीवरून. आपल्या ठाणे जिल्ह्यात या इतिहासाचे दोन दस्तऐवज आहेत: वैमानिकाचे लॉगबुक आणि शेतकऱ्याचा सातबारा. दोन्ही एका कपाटात ठेवता येत नसतील, तर आपण इतिहास जपत नसून फक्त विमानांची चित्रे जमवत आहोत.

३/
आधी माणसांविषयी. लँकेस्टरमध्ये सात जण असत: वैमानिक, इंजिनांवर लक्ष ठेवणारा फ्लाइट इंजिनिअर, मार्ग काढणारा नॅव्हिगेटर, बॉम्ब सोडणारा, बिनतारी संदेशवाहक आणि दोन गनर. मोहिमांची पहिली फेरी साधारण ३० उड्डाणांची असे. ती पूर्ण करणे हेच मोठे भाग्य मानले जाई. रॉयल एअर फोर्सच्या बॉम्बर कमांडमध्ये सुमारे १ लाख २५ हजार विमानकर्मी होते, त्यांतील ५५,५७३ मेले. शंभरातले चव्वेचाळीस.

४/
तरीही ब्रिटनला त्यांचे स्मारक उभारायला २०१२ साल उजाडले. लंडनच्या ग्रीन पार्कमधील ते स्मारक युद्ध संपल्यानंतर ६७ वर्षांनी झाले, कारण या दलाने शहरे जाळली होती आणि त्याचा अभिमान धरावा की लाज, हे ठरत नव्हते. २०१८ मध्ये लिंकन येथे बॉम्बर कमांडचे स्मृतिकेंद्र उघडले. तिथल्या भिंतींवर जवळपास ५८ हजार नावे कोरली आहेत. महत्त्वाची गोष्ट पुढे आहे: त्या केंद्राच्या डिजिटल संग्रहात विमानकर्म्यांच्या मुलाखतींबरोबर ज्यांच्यावर बॉम्ब पडले त्या नागरिकांच्या आठवणीही आहेत. वर असलेला आणि खाली असलेला, दोघेही एकाच संग्रहात. हे लक्षात ठेवा, आपण पुन्हा इथे येणार आहोत.

५/
लंडनच्या हेंडन भागात रॉयल एअर फोर्सचे संग्रहालय आहे. तिथे ‘एस फॉर शुगर’ नावाचे लँकेस्टर उभे आहे, क्रमांक आर ५८६८. त्याच्या नावावर १३७ मोहिमा आहेत. जगभरचे हौशी लोक त्याच्यापुढे छायाचित्रे काढतात. या विमानातून मोहिमांवर गेलेल्या नॅव्हिगेटरांपैकी एकाचे नाव होते शैलेंद्र एकनाथ सुकठणकर. डिस्टिंग्विश्ड फ्लाइंग क्रॉस हे शौर्यपदक त्यांना मिळाले. आडनाव आपल्या ओळखीचे आहे ना? कोकण-गोव्याकडचे.

६/
नॅव्हिगेटरचे काम म्हणजे काय, हे क्षणभर डोळ्यांपुढे आणा. पडदा ओढलेला कोपरा, छोटे टेबल, मंद दिवा, नकाशा, पेन्सिल आणि घड्याळ. बाहेर तोफा धडधडत असताना हा माणूस वाऱ्याचा वेग, दिशा आणि वेळ यांचे गणित मांडत बसलेला. गणित चुकले तर सातही जण समुद्रात. गाजावाजा वैमानिकाचा होतो, पण घरी परतण्याची वाट नॅव्हिगेटर काढतो. आपल्या मुलांना ‘एस फॉर शुगर’ माहीत आहे आणि सुकठणकर माहीत नाहीत. कथा आपण इंग्रजीतून जशीच्या तशी उचलतो. तिच्यात आपला माणूस कुठे होता, हे विचारण्याचे कष्ट घेत नाही.

७/
सुकठणकर युरोपात होते. इकडे ब्रह्मदेशाच्या आघाडीवर भारतीय वायुसेना स्वतः लढत होती. ८ ऑक्टोबर १९३२ रोजी स्थापन झालेले हे दल युद्ध सुरू झाले तेव्हा जेमतेम एका तुकडीचे होते. फेब्रुवारी १९४२ मध्ये स्क्वॉड्रन लीडर करुणकृष्ण ऊर्फ ‘जंबो’ मजुमदार यांच्या पहिल्या तुकडीने लायसँडर विमानांना बॉम्ब अडकवले आणि जपानी तळांवर हल्ले केले. लायसँडर हे टेहळणीचे संथ विमान. त्याला बॉम्बर करणे म्हणजे बैलगाडीला तोफ जुंपण्यासारखे होते. त्यांनी ते करून दाखवले.

८/
पुढे सातव्या आणि आठव्या तुकडीकडे व्हल्टी व्हेंजन्स ही अमेरिकी बनावटीची सूर मारणारी बॉम्बफेकी विमाने आली. १९४३-४४ मध्ये आराकान आणि इंफाळच्या लढायांत त्यांनी भाग घेतला. विमानात दोघेच. पुढे वैमानिक, मागे बिनतारी यंत्र आणि मशीनगन सांभाळणारा गनर. विमान जवळजवळ उभे खाली कोसळत जाई, ठरल्या उंचीवर बॉम्ब सुटे आणि मग ते वर खेचले जाई. मागचा माणूस शेपटीकडे तोंड करून बसलेला. आपण कशाकडे कोसळतो आहोत, हे त्याला दिसतही नसे. पुढच्याचे नाव कधीमधी पुस्तकात येते. मागच्याचे?

९/
आणि जमिनीवरचे तर विचारूच नका. प्रारंभीच्या काळात वायुसेनेच्या भारतीय कर्मचाऱ्यांना ‘हवाई शिपाई’ म्हणत. इंजिन उतरवणारे, पंखांचे कापड शिवणारे, बॉम्ब वाहून अडकवणारे, पावसाळ्यात चिखलातून विमान ओढणारे. त्यांच्याशिवाय एकही विमान उडाले नसते. १९६१ मध्ये एस. सी. गुप्ता यांनी लिहिलेला वायुसेनेचा अधिकृत इतिहास प्रसिद्ध झाला. तो आवश्यकच आहे. परंतु अधिकृत इतिहासात मोहिमा असतात, तुकड्या असतात, नकाशे असतात. डबा काय होता, भीती कशी वाटे, पगारातून घरी किती पैसे जात, हे त्यात नसते. ते घराघरांत असते आणि घरातूनच नाहीसे होते.

१०/
आता पहिला आक्षेप. दर वेळी कुणीतरी लिहितोच: ‘ते इंग्रजांचे युद्ध होते. भाडोत्री चाकरीचा इतिहास आपण का जपावा?’

या प्रश्नाला उडवून लावू नये, कारण त्यात तथ्य आहे. १९३९ मध्ये भारतीयांना न विचारता भारताला युद्धात ओढले गेले. १९४३ मध्ये बंगालमध्ये लाखो माणसे अन्नाविना मेली. आणि याच काळात आपल्याच जिल्ह्यात भाई कोतवाल आणि त्यांचे साथीदार मुंबईला वीज नेणारे मनोरे पाडत होते. २ जानेवारी १९४३ रोजी मुरबाडजवळच्या सिद्धगडावर भाई कोतवाल आणि हिराजी पाटील पोलिसांच्या गोळ्यांनी हुतात्मा झाले.

११/
म्हणजे पहा: त्याच काळात, त्याच जिल्ह्यात, एकीकडे साम्राज्यासाठी धावपट्टी तयार होत होती आणि दुसरीकडे त्याच साम्राज्याची वीज तोडली जात होती. हा विरोधाभास लपवायचा नाही. तोच तर आपला इतिहास आहे! ज्याने चाकरी पत्करली त्याला देशद्रोही म्हणून फेकून देणे सोपे आहे. परंतु फेब्रुवारी १९४६ मध्ये मुंबईच्या नौसैनिकांनी बंड केले, तेव्हा वायुसेनेतील भारतीय जवानांनीही त्यांच्या पाठिंब्यासाठी काम बंद केले. हेच ते ‘चाकर’. माणूस एका शब्दात मावत नाही. मावला असता, तर इतिहास लिहावा लागला नसता.

१२/
दुसरा आक्षेप अधिक जड आहे. ‘बॉम्बर म्हणजे बायकामुलांवर आग ओतणारे. त्यांच्या कथा कसल्या सांगता?’

जुलै १९४३ मध्ये हॅम्बुर्ग जळले. तीस हजारांहून अधिक माणसे मेली. फेब्रुवारी १९४५ मध्ये ड्रेस्डेनमध्ये सुमारे २५ हजार. डिसेंबर १९४२ मध्ये जपान्यांचे बॉम्ब कोलकात्यावर पडले, तेव्हा ते खाली कोण आहे हे पाहून पडले नाहीत. ही माहिती वगळून लिहिलेला प्रत्येक ‘शूर वीरांचा’ थ्रेड ही अर्धी गोष्ट आहे आणि अर्धी गोष्ट ही खोट्याची थोरली बहीण असते. म्हणून कथा सांगायच्याच नाहीत, असे नव्हे. पूर्ण सांगायच्या. लिंकनच्या केंद्राने नेमके तेच केले.

१३/
आता आपल्या अंगणात येऊ. १९४२ मध्ये जपानी फौजा ब्रह्मदेशात घुसल्या. ६ एप्रिल रोजी विशाखापट्टणम आणि काकीनाड्यावर बॉम्ब पडले. भारत एकाएकी आघाडीचा देश झाला. देशभर दोनशेहून अधिक विमानतळ बांधण्याचा प्रचंड कार्यक्रम हाती घेतला गेला. एवढ्या धावपट्ट्यांसाठी सपाट जमीन लागते. सपाट जमीन म्हणजे बहुधा भातशेती. आणि भातशेती म्हणजे कुणाचे तरी घर चालवणारी माती. बॉम्बफेकी विमानांच्या गौरवग्रंथांत हे प्रकरण नसते.

१४/
कल्याणहून मलंगगडाच्या वाटेवर नेवाळी लागते. नेवाळी, भाल, मांगरूळ आणि आसपासच्या गावांची सोळाशे एकरांहून अधिक जमीन त्या युद्धकाळात विमानतळासाठी घेतली गेली. युद्ध संपले, विमाने गेली, देश स्वतंत्र झाला. जमीन मात्र कागदावर संरक्षण खात्याकडे राहिली आणि प्रत्यक्षात पिढ्यान्‌पिढ्या शेतकरी ती कसत राहिले. ‘युद्ध संपल्यावर परत देऊ, असे सांगून घेतली होती’ असे शेतकऱ्यांचे म्हणणे. ‘जमीन आमचीच’ असे सरकारचे म्हणणे.

१५/
इथे थोडे कायद्याचे समजून घ्या, कारण सारा वाद इथेच अडकला आहे. त्या काळी सरकारला जमीन घेण्याचे दोन मार्ग होते. एक, १८९४ च्या कायद्याने भूसंपादन: मोबदला द्यायचा आणि मालकी कायमची सरकारची. दुसरा, युद्धकाळातील भारत संरक्षण नियमांखाली अधिग्रहण: ताबा तात्पुरता, मालकी मूळ मालकाची. शब्द दोनच, परिणाम जमीन-अस्मानाचा. कोणत्या गटाची जमीन कोणत्या मार्गाने गेली, मोबदला किती, कुणाला, कधी मिळाला, फेरफाराची नोंद कुणी घातली, याचे उत्तर भाषणांतून मिळत नाही. ते दस्तऐवजांत असते.

१६/
२२ जून २०१७. नौदलाकडून त्या जमिनीभोवती भिंत बांधण्याचे काम सुरू होते. शेतकरी रस्त्यावर उतरले. आंदोलन भडकले, पोलिसांची वाहने पेटली, पोलीस जखमी झाले, पोलिसांनी छऱ्यांच्या बंदुका चालवल्या आणि आंदोलकही जखमी झाले. त्या दिवशी बातम्यांत आपण ‘वाहतूक कोंडी’ वाचली. जे खरोखर घडत होते ते असे: पंचाहत्तर वर्षांपूर्वीच्या एका युद्धाचा हिशेब अजून चुकता झाला नव्हता.

१७/
म्हणून मला राग येतो, तो ‘महायुद्धाचा इतिहास हा छान छंद आहे’ या वाक्याचा. लंडनमध्ये तो छंद असेल. नेवाळीत तो जमिनीचा प्रश्न आहे. तिथे कुणी एक जुना आदेश शोधून काढला, एखाद्या आजीची आठवण नीट ध्वनिमुद्रित केली, एखादा फेरफार उताऱ्याशी ताडून पाहिला, तर ते संशोधन कपाटात शोभेसाठी राहणार नाही. कुणाच्या बाजूने निकाल लागावा, हे मी सांगत नाही. दोन्ही बाजूंना पुरावा नाकारता येऊ नये, इतकेच मागतो आहे.

१८/
नेवाळी एकटी नाही. शेजारचे उल्हासनगर पहा. युद्धकाळात तिथे ‘कल्याण कॅम्प’ नावाची लष्करी छावणी होती. फाळणीनंतर सिंधमधून घरदार सोडून आलेल्या निर्वासितांना त्याच बराकींत आसरा मिळाला. ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल राजगोपालाचारी यांच्या हस्ते तिथल्या नव्या वसाहतीची कोनशिला बसली आणि कॅम्पचे उल्हासनगर झाले. आजही तिथल्या टपाली पत्त्यांत ‘बॅरेक नंबर’ लिहितात. लोक रोज महायुद्धाच्या पत्त्यावर पार्सल मागवतात आणि इतिहास शोधायला यूट्यूबवर जातात.

१९/
आणि घड्याळ थांबलेले नाही. १९४४ मध्ये विशीचा असलेला माणूस आज शंभरीपार आहे. साक्षीदार बहुतेक गेले. आता उरली आहेत त्यांची मुले, तीही सत्तरी-ऐंशीची. आणि उरले आहेत माळ्यावरचे ट्रंक. ठाणे-डोंबिवलीत इमारतींचा पुनर्विकास धडाक्यात चालू आहे. करारावर सह्या होतात, घर रिकामे करण्याची तारीख पडते आणि माळ्यावरचे सारे रद्दीवाल्याच्या काट्यावर जाते. कापडी बांधणीचे लॉगबुक तिथे वजनावर विकले जाते. काटा त्यातील रात्रीची उड्डाणे मोजत नाही.

२०/
तेव्हा तक्रार पुरे, काम सांगतो.

ट्रंक उघडली की आधी काहीही ‘साफ’ करू नका. पदकांना पितांबरी लावू नका. भारतीय दलांना दिलेल्या पदकांच्या कडेवर पुष्कळदा नाव आणि क्रमांक कोरलेला असतो, तो झिजतो. फाटलेल्या पानाला चिकटपट्टी लावू नका, कागद लॅमिनेट करू नका. लॉगबुकच्या प्रत्येक पानाचे, कोऱ्या पानांचेही, दिवसाच्या उजेडात सरळ वरून छायाचित्र काढा. छायाचित्रांमागचा मजकूर वेगळा टिपा. वस्तू ज्या क्रमाने निघाल्या तो क्रम लिहून ठेवा. आणि घरच्यांची परवानगी घेतल्याशिवाय एक ओळही जगापुढे मांडू नका.

२१/
आजी-काकांशी बोलताना ‘किती शत्रू मारले?’ हा प्रश्न पहिला नको. आधी विचारा: भरतीला कुणाबरोबर गेलात? घरी काय सांगून? मनीऑर्डर किती यायची? पत्र न आल्याचे दिवस कसे काढले? मग गप्प बसा आणि ऐका. मुलाखत फोनवर ध्वनिमुद्रित करा. तारीख, गाव आणि बोलणाऱ्याचे नाव सुरुवातीलाच बोलून घ्या. गावात गेलात तर तेच प्रश्न जमीन गेलेल्या घरातही विचारा. बांध कुठे होता? विहीर कुठे बुजली? पहिले विमान पाहिले तेव्हा गुरे कशी उधळली? लॉगबुकमध्ये हे येत नाही.

२२/
मग तपासा. ‘आमच्या आजोबांनी बर्लिनवर बॉम्ब टाकला’ हे वाक्य प्रेमाने ऐका आणि कठोरपणे ताडून पहा. तुकड्यांच्या रोजनिशा लंडनजवळच्या क्यू येथील राष्ट्रीय अभिलेखागारात आहेत: तुकड्यांसाठी ‘एआयआर २७’, तळांसाठी ‘एआयआर २८’ ही मालिका. शौर्यपदकांच्या घोषणा राजपत्रांत सापडतात. जमिनीसाठी गाव नमुना सात-बारा, गाव नमुना सहामधील फेरफार, भूमी अभिलेख कार्यालय आणि मुंबईत एल्फिन्स्टन महाविद्यालयाच्या इमारतीतील राज्य पुराभिलेख. आजोबा गनर नसून फिटर निघाले, तर खट्टू होऊ नका. फिटर सापडणे ही मोठी गोष्ट आहे. गनर शोधणारे पुष्कळ आहेत.

२३/
कुणी म्हणेल, हे विद्यापीठांचे, सरकारचे काम. असेल. पण लिंकनच्या संग्रहातील मुलाखती घेण्यासाठी असंख्य स्वयंसेवक घरोघर गेले. आपल्याकडेही ‘भारत-रक्षक’सारखे संकेतस्थळ हौशी अभ्यासकांनीच उभे केले आणि वायुसेनेच्या जुन्या अधिकाऱ्यांच्या नोंदी आज लोक तिथेच शोधतात. सरकारने करावे म्हणून थांबलो, तर सरकार जरूर काहीतरी करील. तोवर माळे रिकामे झालेले असतील.

२४/
शेवटचे. पुढच्या वेळी लँकेस्टरवर थ्रेड लिहाल तेव्हा जरूर लिहा. पण त्यात सुकठणकरांचे नाव असू द्या, हॅम्बुर्ग असू द्या. आणि एका रविवारी सकाळी कल्याणहून मलंगगडाच्या रस्त्याला लागा. नेवाळीला उतरा, चहा घ्या, टपरीवरच्या एखाद्या वृद्धाशेजारी बसा आणि विचारा, ‘बाबा, इथे विमाने उतरायची तेव्हाचे घरी कुणी काही सांगायचे का?’

जे ऐकाल ते लिहून ठेवा, त्याच दिवशी, तारखेसह.

(थ्रेड समाप्त. तुमच्या घरी किंवा गावात असे लॉगबुक, पदक, जुना आदेश, फेरफार असेल, तर विकण्याआधी, पाडण्याआधी, फेकण्याआधी निदान त्याचे छायाचित्र काढा.)

#मराठी #इतिहास #ठाणे #कल्याण #नेवाळी